शंका, अनुभव आणि विश्वास : आधुनिक पाश्चात्त्य ज्ञानमीमांसेची ओळख

(सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचा मजकूर)



 मी तत्त्वज्ञानाचा प्राध्यापक नाही. वाणिज्य शाखेचा पदवीधर आणि चाळीस वर्षे कापडाच्या गादीवर बसलेला व्यापारी, एवढीच माझी ओळख. दुपारी गिऱ्हाईक विरळ असते, त्या वेळात जे वाचन घडले त्यातून युरोपातील सतराव्या आणि अठराव्या शतकांतील काही विचारवंतांचा परिचय झाला. त्यांचा मूळ प्रश्न एकच होता. आपल्याला जे ठाऊक आहे असे आपण म्हणतो, ते खरोखर ठाऊक आहे हे कशावरून? व्यापाऱ्याला हा प्रश्न परका नाही. समोरचा माल, समोरचा माणूस आणि उद्याचा भाव या तिन्हींविषयी तो रोज काहीतरी गृहीत धरतो आणि त्या गृहीतावर स्वतःचे भांडवल लावतो.

आरंभीच एक आक्षेप विचारात घेतला पाहिजे. शंका हा तर सम्यक्त्वाचा अतिचार. मग आपल्या संस्थेच्या व्यासपीठावर संशयवादाची चर्चा कशासाठी, असे कोणी विचारील. आक्षेप रास्त आहे आणि त्याला बगल देण्याचा माझा विचार नाही. परंतु त्याचे उत्तर देण्यापूर्वी या पाश्चात्त्य मंडळींनी शंका म्हणून नेमके काय केले, ते पाहावे लागेल. म्हणून उत्तर शेवटी देतो.

पहिले नाव फ्रेंच विचारवंत रेने देकार्त यांचे. त्यांचा काळ १५९६ ते १६५०. त्या वेळी युरोपात जुन्या ज्ञानाची इमारत हादरत होती. पृथ्वी सूर्याभोवती फिरते हे सांगणारा कोपर्निकसचा ग्रंथ १५४३ मध्ये निघाला होता. तेच मत मांडल्याबद्दल १६३३ मध्ये रोम येथे गॅलिलिओला शिक्षा झाली आणि ते वृत्त कळताच देकार्त यांनी स्वतःचा एक तयार ग्रंथ छापण्याचे थांबवले. शतकानुशतके ज्यावर सर्वांचा विश्वास होता तेच जर चुकीचे ठरत असेल, तर विश्वास ठेवावा तरी कशावर?

१६४१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या 'चिंतने' या ग्रंथात देकार्त यांनी यावर एक धाडसी उपाय योजला. ज्याविषयी तिळमात्र शंका घेता येईल ते सर्व तात्पुरते बाजूला ठेवायचे आणि शेवटी काही उरते का ते पाहायचे. दुरून गोल दिसणारा मनोरा जवळ गेल्यावर चौकोनी निघतो. तेव्हा इंद्रिये फसवतात. स्वप्नातही आपण जागे आहोत असेच वाटते. तेव्हा जागेपणाचीही खात्री नाही. अशा रीतीने सर्व काही बाजूला सारल्यावर एक गोष्ट मात्र उरली. मी शंका घेत आहे, म्हणजे विचार करीत आहे, आणि जो विचार करीत आहे तो मी आहे. टीकाकारांना उत्तर देताना त्यांनी सफरचंदांच्या टोपलीचा दृष्टांत दिला. टोपलीत काही फळे नासकी असल्याचा संशय आला तर शहाणा माणूस सगळी टोपली उपडी करतो, एकेक फळ तपासतो आणि चांगली तेवढी परत भरतो. ही गोष्ट ध्यानात ठेवावी. देकार्त यांची शंका फळे फेकून देण्यासाठी नव्हती. चांगली फळे वाचवण्यासाठी होती.

देकार्त यांचा भर बुद्धीवर होता. इंग्लंडमध्ये जॉन लॉक (१६३२–१७०४) यांनी भर अनुभवावर दिला. लॉक वैद्यकाचे अभ्यासक होते. मानवी आकलनावरील त्यांचा मोठा निबंध १६८९ च्या अखेरीस बाहेर पडला; त्याच्या मुखपृष्ठावर साल मात्र १६९० छापलेले आहे. त्यांचे म्हणणे असे की जन्मतः मन कोऱ्या कागदासारखे असते. त्यावर जे काही लिहिले जाते ते अनुभवाने लिहिले जाते. हा अनुभव दोन वाटांनी येतो. एक, इंद्रियांतून बाहेरच्या जगाचा. दुसरा, स्वतःच्या मनाच्या व्यापारांकडे पाहिल्याने येणारा. या मताला अनुभववाद म्हणतात.

लॉक यांनी वस्तूच्या गुणांचे दोन भाग केले. आकार, विस्तार, संख्या, गती हे गुण वस्तूचे स्वतःचे. रंग, चव, वास, उष्णता मात्र वस्तू आणि आपली इंद्रिये यांच्या संबंधातून निर्माण होतात. एक हात गरम आणि एक हात गार असताना दोन्ही हात एकाच कोमट पाण्यात घातले, तर तेच पाणी एका हाताला गार आणि दुसऱ्याला गरम लागते. पाणी तर एकच आहे. आपल्या कापडपेठेत हे शास्त्र न शिकताही पाळले जाते. दुकानातील ट्यूबलाइटखाली मोरपंखी दिसणारी साडी बाहेरच्या उन्हात वेगळीच दिसते, म्हणून जाणती बाई साडी घेऊन आधी दुकानाच्या पायरीवर जाते. पन्हा मात्र आत मोजा वा बाहेर मोजा, तेवढाच भरतो. रंगाविषयी बोलताना 'कोणत्या उजेडात' हे सांगावे लागते. पन्ह्याविषयी सांगावे लागत नाही. लॉक यांचा भेद मला या एका उदाहरणाने उमगला.

अनुभव म्हणजे केवळ पाहणे नव्हे, प्रयोग करून पाहणे हेही त्यात येते. जाड वाटणाऱ्या कापडाला दोन तळव्यांत चोळले की खळ भुकटीसारखी झडते आणि खरा पोत कळतो. सूत आहे की पॉलिस्टर याचा वाद असेल तर एक धागा काढून जाळतात. सुती धागा कागदासारखा वास देऊन मऊ राख होतो. पॉलिस्टरचा धागा आक्रसतो, वितळतो आणि त्याची कठीण गोळी बनते. शिक्का काहीही सांगो, निकाल त्या काडीच्या ज्योतीवर लागतो.

परंतु अनुभवालाच सर्वस्व मानण्यात एक धोकाही आहे, आणि तो लॉक यांनी स्वतःच एका कथेतून दाखवला. सयामच्या राजाला डच वकिलाने सांगितले की आमच्या देशात थंडीत पाणी इतके घट्ट होते की त्यावरून माणसे चालतात, हत्ती असता तर त्याचाही भार पेलला असता. राजा म्हणाला, आजवर तुमच्या नवलाच्या गोष्टी मी खऱ्या मानल्या. आता मात्र तुम्ही खोटे बोलता याची मला खात्री झाली. राजाने बर्फ पाहिलेच नव्हते. आपल्या अनुभवात नाही ते जगातच नाही, असे मानणारा माणूस आपल्या अनुभवाचे कुंपण हीच जगाची सीमा समजतो. दुसऱ्याची साक्ष मानावी की नाही हे ठरवताना लॉक काही कसोट्या सांगतात. साक्षीदार किती आहेत, ते प्रामाणिक आहेत का, त्यांना त्या विषयातले कळते का, त्यांचा त्यात हेतू काय, उलट साक्ष कोणी दिली आहे का. उधारी देण्यापूर्वी आपले वाडवडील बाजारात जी चौकशी करीत, ती याहून फार वेगळी नव्हती.

लॉक यांच्या ग्रंथाशी निगडित एक प्रश्न जगप्रसिद्ध झाला आणि त्याचा धागा थेट आपल्या देशापर्यंत येतो. डब्लिन येथील विल्यम मॉलिन्यू यांनी लॉक यांना पत्राने विचारले : जन्मांध माणसाने हाताने चाचपून गोल आणि घन ओळखायला शिकले आहे. त्याला एकाएकी दृष्टी मिळाली, तर हात न लावता, केवळ पाहून, गोल कोणता आणि घन कोणता हे तो सांगू शकेल का? मॉलिन्यू यांचे स्वतःचे उत्तर 'नाही' असे होते. लॉक यांनी आपल्या निबंधाच्या १६९४ च्या दुसऱ्या आवृत्तीत हा प्रश्न छापला आणि त्या उत्तराला दुजोरा दिला. स्पर्शाने मिळालेले ज्ञान दृष्टीला आपोआप कळत नाही, दोहोंची सांगड अनुभवाने घालावी लागते, असे त्यांचे मत.

तीनशे वर्षे हा वाद चालला. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स तंत्रज्ञान संस्थेचे भारतीय वंशाचे शास्त्रज्ञ पवन सिन्हा यांनी 'प्रोजेक्ट प्रकाश' या नावाने भारतातील जन्मांध मुलांवर उपचार आणि त्यासोबत संशोधन असे दुहेरी कार्य हाती घेतले. दिल्लीत शस्त्रक्रिया होऊन दृष्टी मिळालेल्या आठ ते सतरा वर्षे वयाच्या पाच मुलांची त्यांच्या गटाने चाचणी घेतली. हाताने चाचपलेली वस्तू पुन्हा हाताने ओळखणे, आणि डोळ्यांनी पाहिलेली पुन्हा डोळ्यांनी ओळखणे, हे मुलांना चांगले जमले. परंतु हाताने चाचपलेली वस्तू डोळ्यांनी ओळखायला सांगितली, तेव्हा सुरुवातीला त्यांची उत्तरे जवळजवळ अंदाजपंचेच होती. २०११ मध्ये हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. मॉलिन्यू आणि लॉक यांचा अंदाज बहुतांशी खरा ठरला. त्याहून आनंदाची गोष्ट पुढे आहे. काही दिवसांच्या अवधीतच त्या मुलांच्या हाताची आणि डोळ्यांची ओळख पटू लागली. म्हणजे सांगड जन्मतः नव्हती, पण ती घालण्याची शक्ती मात्र शाबूत होती. तत्त्वज्ञानाच्या प्रश्नाने कोणाच्या घरात दिवा लागला, याचे याहून सुंदर उदाहरण मला ठाऊक नाही.

लॉक यांच्यानंतर आयर्लंडचे जॉर्ज बर्कली आले. १७१० च्या आपल्या ग्रंथात त्यांनी विचारले की रंग जर मनाच्या संबंधाशिवाय नाही, तर आकारही नाही कशावरून? अनुभवाबाहेरची जड वस्तू कोणी पाहिली आहे? त्यांच्या मते, अनुभवास येणे हेच वस्तूचे असणे. हा विचार अनेकांना विचित्र वाटला, पण एकदा अनुभवाचीच साक्ष ग्राह्य मानली की तो प्रश्न टाळता येत नाही.

या मालिकेतील सर्वांत तीक्ष्ण बुद्धीचे नाव म्हणजे स्कॉटलंडचे डेव्हिड ह्यूम (१७११–१७७६). तरुणपणी काही महिने ते ब्रिस्टल येथे एका व्यापाऱ्याच्या पेढीवर काम करीत होते. तेथे त्यांचे मन रमले नाही. ते फ्रान्सला गेले आणि तिशीच्या आतच त्यांनी मानवी स्वभावावरील ग्रंथ लिहिला. तो १७३९–४० मध्ये निघाला, पण त्याची म्हणावी तशी दखल कोणी घेतली नाही. पुढे १७४८ मध्ये त्यातील मुख्य विचार त्यांनी सुबोध रूपात पुन्हा मांडले.

ह्यूम यांचा प्रश्न असा. सूर्य आजवर रोज उगवला, म्हणून उद्याही उगवेल असे आपण म्हणतो. कशाच्या आधारावर? तर्काने हे सिद्ध होत नाही, कारण 'उद्या सूर्य उगवणार नाही' या वाक्यात तर्कदृष्ट्या काही विसंगती नाही. मग अनुभवाने सिद्ध होते का? आपण म्हणू, आजवर भविष्यकाळ भूतकाळासारखाच निघाला, म्हणून पुढेही तसाच निघेल. परंतु जे सिद्ध करायचे तेच आपण येथे गृहीत धरले. कर्जदारालाच त्याच्या स्वतःच्या कर्जाचा जामीन करण्यासारखे हे झाले. बिलियर्डचा एक चेंडू दुसऱ्यावर आदळतो आणि दुसरा चालू लागतो. आपल्याला एकामागून दुसरी घटना दिसते. पहिलीने दुसरी घडवलीच पाहिजे, ही अपरिहार्यता डोळ्यांना कधीच दिसत नाही. ती आपल्या मनाला पडलेली सवय आहे.

हे वाचल्यावर पायाखालची जमीन सरकल्यासारखे होते. खुद्द ह्यूम यांचीही तीच अवस्था झाली. त्यांनी ते लपवले नाही. अशा विचारांनी मन काळवंडले की आपण मित्रांबरोबर जेवतो, बॅकगॅमनचा डाव मांडतो आणि काही तासांनी तेच विचार आपल्याला थंड आणि कृत्रिम वाटू लागतात, असे त्यांनी लिहून ठेवले आहे. संपूर्ण संशय धरून कोणी जगू शकत नाही, हे त्यांना पुरते ठाऊक होते. म्हणून त्यांनी पुरस्कार केला तो सौम्य, मर्यादित संशयवादाचा. त्याचे सार त्यांनी चमत्कारांवरील प्रकरणात सांगितले आहे : शहाण्या माणसाने आपला विश्वास पुराव्याच्या प्रमाणात ठेवावा. पुरावा शेरभर आणि विश्वास मणभर, असे होऊ देऊ नये. आणि पुरावा मणभर असताना विश्वास शेरभर, असेही होऊ देऊ नये.

जर्मनीच्या इमॅन्युएल कांट यांनी १७८३ मध्ये नमूद केले की ह्यूम यांच्यामुळेच आपली मतांधतेची झोप मोडली. १७८१ च्या आपल्या महाग्रंथात त्यांनी असा मार्ग काढला की ज्ञानाचा मालमसाला अनुभवातून येतो, परंतु त्याला आकार देणारी चौकट मनाचीच असते. आपल्या धंद्याच्या भाषेत सांगायचे तर मागावर ताणा आधीच लावलेला असतो, बाणा नंतर येतो. नुसत्या ताण्याचे कापड होत नाही आणि नुसत्या बाण्याचेही होत नाही. कांट यांच्या उत्तराने सर्वांचे समाधान झाले असे नाही, पण त्यांच्यानंतर ज्ञानाविषयीची चर्चा पूर्वीच्या जागी राहिली नाही.

आता मी या सर्व चर्चेचा आपल्याशी काय संबंध, तिकडे वळतो. इंग्लंडचे बर्ट्रांड रसेल यांनी १९१२ मध्ये ह्यूम यांचा प्रश्न एका कोंबडीच्या दृष्टांताने सांगितला. एक माणूस कोंबडीला रोज दाणे टाकतो. प्रत्येक दिवसाबरोबर कोंबडीची खात्री वाढत जाते की हा हात येतो तो दाणे घेऊनच येतो. शेवटी एके दिवशी तोच हात तिची मान मुरगाळतो. कोंबडीच्या अनुभवात खोट नव्हती. दाणे खरोखर मिळत होते. खोट होती ती त्या अनुभवावरून काढलेल्या निष्कर्षात. दाणे का मिळतात, हे तिने कधी विचारले नाही.

आपण म्हणू, कोंबडीला बुद्धी नाही. मग न्यूयॉर्कच्या बर्नार्ड मॅडॉफ यांचे प्रकरण पाहा. या गृहस्थाकडे लोक अनेक वर्षे पैसे गुंतवत होते आणि बाजार चढो वा उतरो, त्यांना वर्षानुवर्षे जवळजवळ सारखाच परतावा मिळत होता. ११ डिसेंबर २००८ रोजी त्यांना अटक झाली. नव्या गुंतवणूकदारांच्या पैशांतून जुन्यांना परतावा द्यायचा, असा तो सारा प्रकार निघाला. गुंतवणूकदारांच्या खातेउताऱ्यांवर दाखवलेली रक्कम सुमारे ६५ अब्ज डॉलर होती, पण ती केवळ कागदावर. २००९ मध्ये त्यांना १५० वर्षांची शिक्षा झाली आणि २०२१ मध्ये ते कारागृहातच वारले.

या प्रकरणातील दोन गोष्टी आपल्यासारख्या समाजाने विशेष ध्यानात घ्याव्यात. पहिली अशी की मॅडॉफ यहुदी समाजातील प्रतिष्ठित गृहस्थ होते आणि त्यांच्यावर विश्वास टाकणाऱ्यांत त्याच समाजाच्या अनेक धर्मादाय संस्था होत्या. नोबेल पुरस्काराचे मानकरी एली विझेल यांच्या प्रतिष्ठानाचे सुमारे दीड कोटी डॉलर त्यात बुडाले. आपला माणूस, सज्जन माणूस, दानशूर माणूस, एवढ्या शिदोरीवर संस्थांनी आपली गंगाजळी सोपवली. दुसरी गोष्ट अशी की हॅरी मार्कोपोलस नावाच्या एका विश्लेषकाने २००० पासूनच सरकारी नियामकांना वारंवार लिहून कळवले होते की असा सरळ, खाचखळगे नसलेला परतावा बाजारात संभवत नाही. त्यांची कोणी दखल घेतली नाही. लोकांना सरळ रेषा हा पुरावा वाटला. मार्कोपोलस यांना तीच शंकेची जागा वाटली. एकच आकडे, पण एकाने 'दाणे का मिळतात' हे विचारले आणि इतरांनी विचारले नाही.

वाणिज्य शाखेत शिकलेल्यांना लेखापरीक्षणाच्या अभ्यासात एक जुना इंग्रजी खटला हमखास भेटतो. किंगस्टन कॉटन मिल या कापूस गिरणीच्या व्यवस्थापकाने कित्येक वर्षे मालसाठ्याची किंमत फुगवून दाखवली होती. लेखापरीक्षकांनी त्याच्या दाखल्यावर विसंबून ती मान्य केली. १८९६ मध्ये न्यायालयाने त्यांना दोषमुक्त केले. लेखापरीक्षक राखणीचा कुत्रा असतो, माग काढणारा शिकारी कुत्रा नव्हे, असे न्यायमूर्ती लोप्स यांनी म्हटले ते याच निकालात. ज्याच्याविषयी शंकेला कारण नाही, अशा जबाबदार माणसाच्या शब्दावर विसंबणे हा निष्काळजीपणा नव्हे, असा त्याचा आशय. परंतु १९३८ मध्ये अमेरिकेत मॅकेसन अँड रॉबिन्स या औषध कंपनीचे प्रकरण उघडकीस आले. तिच्या वहीत लक्षावधी डॉलरचा माल होता, गोदामात तो कधीच नव्हता. त्यानंतर तेथे नियमच झाला की साठ्याची मोजणी होताना लेखापरीक्षकाने प्रत्यक्ष हजर राहावे आणि येणे रकमांची खातरजमा थेट ऋणकोंकडून करून घ्यावी. नुसता दाखला पुरेसा नाही, माल डोळ्यांनी पाहिला पाहिजे, हा विचार लॉक यांना नक्कीच पसंत पडला असता.

आता आरंभीच्या आक्षेपाकडे येतो. शंका हा अतिचार असताना शंकेची चर्चा कशासाठी? मला असे वाटते की येथे एका शब्दात दोन भिन्न गोष्टी मिसळतात. आपल्या शास्त्रकारांनी मतिज्ञानाच्या चार पायऱ्या सांगितल्या आहेत : अवग्रह, ईहा, अवाय आणि धारणा. दुरून काही पांढरे दिसले, हा अवग्रह. ते बगळा असेल की पताका, याचा निर्णय करण्यासाठी विशेष जाणून घेण्याची धडपड म्हणजे ईहा. ही पताकाच आहे, असा निश्चय म्हणजे अवाय. आणि तो निश्चय मनात टिकून राहणे म्हणजे धारणा. आपल्या आचार्यांनी ईहा आणि संशय यांत स्पष्ट भेद केला आहे. संशय दोन टोकांमध्ये हेलकावे खात राहतो, त्याला निर्णय नको असतो. ईहा निर्णयाच्या दिशेने चालत असते. देकार्त यांची उपडी केलेली टोपली, जाळून पाहिलेला धागा, गोदामात उभे राहून मोजलेला माल, ही सर्व ईहेची रूपे आहेत, असे माझ्या अल्प मतीला वाटते. अतिचार ठरते ती श्रद्धेला पोखरणारी शंका. ज्ञानाकडे नेणारी जिज्ञासा त्यात मोडत नाही.

याचा अर्थ ह्यूम आणि जैन दर्शन एकच सांगतात, असा मात्र नाही. तसे म्हणण्याचा मोह आपल्याकडील व्याख्यानांतून होतो, तो टाळावा. आपले दर्शन केवलज्ञान मानते. ह्यूम यांच्या विचारात त्याला जागा नाही. भेद आहे तो आहे आणि तो प्रामाणिकपणे मान्य करावा. परंतु ज्याच्याशी आपला भेद आहे, त्याचे म्हणणे जपून ठेवण्याची परंपराही आपलीच आहे. जयराशी भट्ट नावाचे एक विद्वान साधारण आठव्या-नवव्या शतकात होऊन गेले. 'तत्त्वोपप्लवसिंह' या ग्रंथात त्यांनी प्रत्यक्ष आणि अनुमान यांसह सर्व प्रमाणांवर असा हल्ला केला आहे की ह्यूमसुद्धा त्यापुढे सौम्य वाटावेत. या ग्रंथाची ताडपत्रावरील प्रत १९२६ मध्ये सापडली ती पाटणच्या जैन ग्रंथभांडारात. पंडित सुखलालजी संघवी आणि रसिकलाल परीख यांनी तिचे संपादन केले आणि १९४० मध्ये बडोद्याच्या गायकवाड प्राच्यविद्या मालेत तो ग्रंथ प्रसिद्ध झाला. पंडित सुखलालजींची दृष्टी वयाच्या सोळाव्या वर्षी देवीच्या आजारात गेली होती. आपल्या सिद्धांताच्या मुळावर घाव घालणारा ग्रंथ आपल्या पूर्वजांनी शतकानुशतके वाळवीपासून जपला, आणि दृष्टिहीन झालेल्या जैन पंडिताने तो जगाला वाचायला दिला. यावरून आपल्या पूर्वजांना प्रश्नांची भीती वाटत नव्हती, एवढे तरी निश्चित म्हणता येईल.

बंधू-भगिनींनो, आपल्या समाजात एक संकोच आहे. हिशेब विचारला की समोरच्याचा अपमान होतो, असे आपण मानतो. घरातल्या वडीलधाऱ्याने अमुक योजनेत पैसे गुंतवले तर पुतण्या विचारत नाही. संस्थेच्या जुन्या कार्यकर्त्याला बँकेचा उतारा मागितला तर 'माझ्यावर विश्वास नाही का' हा प्रश्न येतो. फोनवर आलेला औषधाचा संदेश परिचिताने पाठवला म्हणून आपण तपासत नाही आणि पुढे पाठवतो. या प्रत्येक ठिकाणी आपण माणसावरचा विश्वास आणि गोष्टीवरचा विश्वास यांची गल्लत करतो. मॅडॉफ यांच्याकडे पैसे ठेवणाऱ्या संस्थांनी तेच केले होते. माणूस सज्जन असूनही त्याची माहिती चुकीची असू शकते. म्हणून तीन प्रश्न विचारण्याची सवय आपण लावून घ्यावी, एवढीच माझी विनंती. हे मला कशावरून ठाऊक झाले? ज्याने मला सांगितले त्याला ते कशावरून ठाऊक झाले? आणि जेवढा पुरावा हाती आहे, तेवढाच विश्वास मी ठेवतो आहे का?

ट्रस्टने पन्नास वर्षे पूर्ण केली, ती आपल्या सर्वांच्या विश्वासावर. पुढील पन्नास वर्षांत विश्वस्त बदलतील, पिढ्या बदलतील. आज जे तरुण या सभागृहात मागच्या रांगांत बसले आहेत, त्यांच्या हाती उद्या या चाव्या येतील. त्यांनी वार्षिक सभेत उठून ताळेबंदावर प्रश्न विचारले, तर ज्येष्ठांनी कपाळाला आठी न घालता वही उघडून दाखवावी. आणि विचारणाऱ्यांनीही उत्तर मिळाल्यावर, पुरावा पुरेसा असेल तर, मोकळ्या मनाने ते मान्य करावे. ह्यूम यांच्या तराजूला दोन पारडी आहेत, हे दोघांनीही विसरू नये.